वयात येताना: लैंगिक आरोग्याचे शिक्षण शाळेत कसे आले, कुठे अडले आणि घरच्यांनी काय करावे

पहिली पाळी आली, मुलगी घाबरून रडायला लागली, म्हणून आई तिला दवाखान्यात घेऊन येते. वरवट बकाल घ्या, संग्रामपूर घ्या किंवा सातपुड्याच्या पायथ्याचे कुठलेही गाव घ्या, हे दृश्य डॉक्टरांच्या ओळखीचे आहे. तपासले तर काहीच बिघाड नसतो. आईला विचारावे की आधी काही सांगितले होते का, तर उत्तर येते, "तिले म्या काई सांगतलंच नव्हतं. मले तरी कोनं सांगतलं होतं?"

मुलगी बारा वर्षांची, सातवीत. राज्य मंडळाच्या पुस्तकात मासिक पाळीच्या चक्राची सविस्तर माहिती येते ती दहावीच्या विज्ञान आणि तंत्रज्ञान भाग २ मध्ये. म्हणजे शरीरात बदल झाल्यावर तीन वर्षांनी. ही तफावत एका दिवसात तयार झालेली नाही. आपल्या राज्यात या विषयाला जवळपास शंभर वर्षांचा इतिहास आहे. तो माहीत असला तर तुमच्या लक्षात येईल की आपल्या घरात या गोष्टी का बोलल्या जात नाहीत, आणि आज नेमके कुणाला, कुठे विचारायचे.

शरीराचे वेळापत्रक

आधी शरीराचे बोलू. मुलींमध्ये साधारण ८ ते १३ वर्षांच्या दरम्यान वयात येण्याची सुरुवात होते. पहिली खूण म्हणजे छातीत सुपारीएवढी, थोडी दुखरी गाठ. ती बऱ्याचदा आधी एकाच बाजूला येते. आई घाबरते, कॅन्सर तर नाही ना विचारते. नाही, तो वाढीचा भाग आहे. त्यानंतर साधारण दोन ते अडीच वर्षांनी पाळी सुरू होते. या मधल्या काळात उंची झपाट्याने वाढते, काखेत आणि जांघेत केस येतात, पाळीच्या काही महिने आधी अंगावरून थोडे पांढरे जाते. त्याला खाज किंवा घाण वास नसेल तर ते नैसर्गिक आहे.

मुलांमध्ये सुरुवात ९ ते १४ वर्षांच्या दरम्यान. पहिली खूण म्हणजे वृषण, म्हणजे गोट्या, मोठ्या होणे. ती बाहेरून कुणाला दिसत नाही. मिसरूड फुटणे आणि आवाज फुटणे, जे आपल्याला दिसते, ते बरेच नंतर येते. म्हणून "आमचा अजून लहान आहे" असे आईवडील म्हणतात तेव्हा पोरगा बहुतेक वेळा निम्मी वाट चालून गेलेला असतो.

तेव्हा मुलीशी बोलायचे वय नऊ-दहा आणि मुलाशी बोलायचे वय दहा-अकरा. चौथी-पाचवी.

मखरात बसवण्याच्या काळापासून

आपल्याकडे पूर्वी हा विषय लपवला जात होता असे नाही. मुलगी न्हाती झाली की तिला मखरात बसवत, ओटी भरत, गावभर कळत असे. "पदर आला", "शहाणी झाली" हे शब्द त्याच काळातले. पण तो सोहळा होता, शिक्षण नव्हते. लग्न आधीच झालेले असे आणि न्हाण आले म्हणजे तिला सासरी पाठवायचा मुहूर्त आला, एवढाच त्याचा अर्थ. मुलीच्या शरीराचे पुढे काय होणार हे तिला कुणी सांगत नसे. आनंदीबाई जोशी, पुढे १८८६ साली अमेरिकेत डॉक्टर झाल्या त्या, वयाच्या चौदाव्या वर्षी बाळंत झाल्या आणि त्यांचे बाळ दहा दिवसांत गेले.

संमतिवयाचा कायदा १८९१ साली झाला. मुलीचे संमतीचे वय दहावरून बारा करायचे, एवढीच त्यातली सुधारणा, आणि त्यावरून महाराष्ट्रात रान पेटले. मुलीचे शरीर कधी तयार होते, ही चर्चा मराठी वर्तमानपत्रांत इतक्या उघडपणे यापूर्वी फारशी झाली नव्हती. मात्र ती सगळी चर्चा मोठ्या माणसांनी मोठ्या माणसांशी केली. मुलींना कुणी काही विचारले नाही.

गणिताचे एक प्राध्यापक

मराठीत या विषयाचे शास्त्रीय शिक्षण देण्याचे काम सर्वात चिकाटीने केले ते रघुनाथ धोंडो कर्वे यांनी. महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे हे थोरले चिरंजीव, जन्म १८८२ चा. ते डॉक्टर नव्हते. मुंबईत गणित शिकवत. गणिताच्याच अभ्यासासाठी ते पॅरिसला गेले होते. परत आल्यावर १९२१ च्या सुमारास त्यांनी मुंबईत संततिनियमनाचे केंद्र सुरू केले. मेरी स्टोप्स यांनी लंडनमध्ये आपले प्रसिद्ध केंद्र उघडले तेही १९२१ सालीच. म्हणजे या एका बाबतीत मुंबई लंडनच्या मागे नव्हती.

या कामामुळे त्यांना १९२५ साली प्राध्यापकी सोडावी लागली. जुलै १९२७ मध्ये त्यांनी 'समाजस्वास्थ्य' नावाचे मासिक काढले आणि १९५३ साली त्यांचे निधन होईपर्यंत ते चालवले. पत्नी मालतीबाईंची साथ होती, पैसे कायम कमी होते. मासिकात गुप्तरोग, गर्भनिरोधन, हस्तमैथुन, स्त्रीचे कामजीवन अशा विषयांवर साध्या मराठीत लेख येत. वाचक पत्राने प्रश्न विचारत आणि कर्वे उत्तरे देत.

त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले. पहिल्यात १०० रुपये दंड. दुसरा खटला १९३४ सालचा, आणि तो वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरूनच झाला. त्यांचे वकील होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर. लैंगिक विषयांवर वाचक प्रश्न विचारत असतील तर त्यांना शास्त्रीय उत्तर मिळालेच पाहिजे, ही बाजू त्यांनी न्यायालयात मांडली. खटला हरले, १९३५ साली २०० रुपये दंड झाला.

हे प्रकरण इतके सविस्तर सांगायचे कारण आहे. त्या वाचकांचे जे प्रश्न होते, हाताने केल्यावर अशक्तपणा येतो का, पाळीत स्पर्श केला तर काय होते, तेच प्रश्न आजही ओपीडीत येतात, फक्त आता ते मोबाईलवर वाचून आलेले असतात. कर्व्यांनी तेव्हा दिलेली काही उत्तरे विज्ञान पुढे गेल्यामुळे जुनी झाली. पण हस्तमैथुनाने शरीराचे नुकसान होत नाही, हे आजही तितकेच खरे आहे.

पुढे शकुंतला परांजपे यांनी कुटुंबनियोजनाच्या प्रचाराचे काम पुढे नेले. १९४९ मध्ये मुंबईत धन्वंती रामा राव यांनी 'फॅमिली प्लॅनिंग असोसिएशन ऑफ इंडिया' स्थापन केली. मात्र या सगळ्या कामाचा रोख लग्न झालेल्या जोडप्यांवर होता. वयात येणारी मुले त्यातून सुटली, ती अजून सुटलेलीच आहेत असे मला वाटते.

युरोपात काय झाले?

"हे सगळे पाश्चात्त्य खूळ" असे पालकसभेत कुणीतरी म्हणतेच. म्हणून तिकडचे थोडे पाहू. तिकडेही हे सहज झालेले नाही.

स्वीडनमध्ये एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी कॅरोलिना विडरस्ट्रॉम या स्त्री डॉक्टरांनी मुलींना शरीरशास्त्र आणि आरोग्य शिकवायला सुरुवात केली. शाळांत हा विषय सक्तीचा झाला १९५५ साली. तोपर्यंत पन्नासएक वर्षे गेली. आणि शिक्षकांसाठी काढलेल्या सुरुवातीच्या पुस्तिकेत लग्नाआधी संयम पाळावा असाच सल्ला होता. अभ्यासक्रमाने आजचे मोकळे रूप घेतले ते सत्तरच्या दशकात. डेन्मार्कने १९७० मध्ये हा विषय सक्तीचा केला, तेव्हा काही पालक थेट युरोपियन मानवी हक्क न्यायालयात गेले. १९७६ साली न्यायालयाने निकाल दिला की माहिती वस्तुनिष्ठपणे दिली जात असेल आणि कुठलीही विचारसरणी लादली जात नसेल, तर पालकांच्या हक्काचा भंग होत नाही. पश्चिम जर्मनीतही असाच वाद १९७७ साली सर्वोच्च घटना न्यायालयापर्यंत गेला. तिथे ठरले की शाळा शिकवू शकते, पण काय आणि कसे शिकवणार हे पालकांना आधी सांगितले पाहिजे. ही अट मला फार शहाणपणाची वाटते. आपल्या शाळांनीही उचलावी अशी.

इंग्लंडमध्ये प्राथमिक शाळेत नातेसंबंधांचे आणि माध्यमिक शाळेत लैंगिकतेचे शिक्षण सक्तीचे झाले ते तर २०२० साली. अगदी कालपरवा.

पालकांची सर्वात मोठी भीती असते की सांगितले तर मुले वाहवत जातील. युनेस्कोने अनेक देशांतल्या अभ्यासांचा आढावा घेऊन २०१८ मध्ये मार्गदर्शिका काढली. त्यात स्पष्ट आहे की अशा शिक्षणामुळे मुलांची लैंगिक कृती वाढत नाही, ती लवकर सुरूही होत नाही.

२००७ साली महाराष्ट्रात

केंद्र सरकारने एड्स नियंत्रण संस्थेच्या मदतीने २००५ च्या सुमारास शाळांसाठी किशोरवयीन शिक्षण कार्यक्रम आणला. २००७ मध्ये महाराष्ट्रात आमदारांनी त्यातल्या चित्रांवर आणि मजकुरावर आक्षेप घेतला आणि राज्य सरकारने कार्यक्रम थांबवला. इतर काही राज्यांनीही तेच केले. २००९ मध्ये व्यंकय्या नायडू यांच्या अध्यक्षतेखालील राज्यसभेच्या याचिका समितीनेही शाळेत लैंगिक शिक्षण नको, असेच मत दिले.

काही आक्षेप अगदीच बिनबुडाचे नव्हते. शिक्षकांची तयारी करून न घेता त्यांच्या हातात चित्रांचा तक्ता दिला तर वर्गात हशा पिकतो आणि शिक्षक पान उलटून पुढे जातो. पण तक्ता बदलता आला असता, शिक्षक तयार करता आले असते. झाले असे की विषयाचे नावच गेले. तो "जीवनकौशल्ये" किंवा "आरोग्य शिक्षण" अशा नावांनी इकडून तिकडून येत राहिला, कुठल्या शाळेत एक तासाचे व्याख्यान, तेही फक्त मुलींना. मुलगे तेवढा वेळ मैदानावर.

त्यानंतर २०१४ मध्ये १० ते १९ वयोगटासाठी राष्ट्रीय किशोर स्वास्थ्य कार्यक्रम सुरू झाला आणि २०२० मध्ये आयुष्मान भारत योजनेखाली शालेय आरोग्य कार्यक्रम आला. ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही म्हटले की हे शिक्षण नववीपासून न देता त्याआधीच्या वयात द्यायला हवे.

न सांगण्याची किंमत

माहिती न मिळाल्याने काय होते याचा सर्वात ठोस पुरावा आपल्या विदर्भातलाच आहे. डॉ. राणी बंग आणि डॉ. अभय बंग यांनी गडचिरोली जिल्ह्यातल्या दोन गावांत ६५० स्त्रियांची तपासणी केली. त्याचा अहवाल जानेवारी १९८९ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात आला. ९२ टक्के स्त्रियांना कुठला ना कुठला स्त्रीरोग किंवा लैंगिक आजार होता. त्यापैकी तक्रार सांगणाऱ्या निम्म्याहून थोड्या जास्त. आणि याआधी कधीतरी स्त्रीरोगाची तपासणी झालेल्या फक्त ८ टक्के. पांढरे जाणे, ओटीपोटात दुखणे, पाळीचा त्रास हे बाईच्या जन्माला चिकटलेलेच असते, असे समजून त्या जगत होत्या. ज्या अवयवाचे नाव घेता येत नाही, त्याचे दुखणे सांगायला शब्द कुठून येणार?

राणीताईंनी पुढे किशोरवयीन मुलामुलींसाठी 'तारुण्यभान' नावाची शिबिरे सुरू केली. शरीर, आकर्षण, लग्न, गुप्तरोग, सगळे त्यात मोकळेपणाने बोलले जाते. मुलगे आणि मुली दोघेही असतात. गडचिरोलीत आणि राज्यात इतरत्र हे चालू शकते, तर बुलढाण्यातही चालू शकते.

आणि आणखी एक आकडा. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) महाराष्ट्रातल्या २० ते २४ वयाच्या स्त्रियांपैकी २१.९ टक्के जणींचे लग्न अठराच्या आत झाले होते. पाचातली एक. म्हणजे दहावी-बारावीपर्यंत थांबा म्हणण्याइतका वेळ अनेक मुलींकडे नसतोच.

मुलग्यांचे कोण बघणार?

मुलींना निदान पाळी येते म्हणून कुणीतरी काहीतरी सांगते. मुलग्यांना कुणीच नाही. झोपेत वीर्य बाहेर पडले की पोरगा घाबरतो, चादर लपवतो, आणि मग एसटी स्टँडच्या भिंतीवरची जाहिरात वाचतो. "धात जाते" ही भीती आपल्या देशात इतकी पसरलेली आहे की डॉ. एन. एन. विग या मनोविकारतज्ज्ञांनी १९६० मध्ये तिला 'धात सिंड्रोम' असे नावच दिले. चाळीस थेंब रक्तापासून एक थेंब वीर्य बनते ही समजूत पूर्ण चुकीची आहे. वीर्य रक्तातून गाळून बनत नाही आणि ते गेल्याने अशक्तपणा येत नाही. अशक्तपणा असेल तर हिमोग्लोबिन तपासा, जेवण बघा, झोप बघा. हजारो रुपयांचे भस्म घेऊ नका.

वयात येताना निम्म्याहून जास्त मुलग्यांना छातीवर थोडी सूज येते. शाळेत चिडवतात, पोरगा अंगात दोन शर्ट घालतो, पोहायला जात नाही. ती सूज बहुतेकांची वर्ष-दोन वर्षांत आपोआप जाते.

एक गोष्ट मात्र तातडीची. अचानक एका वृषणात जोरात दुखायला लागले, सूज आली, उलटी झाली, तर वृषणाला पीळ पडलेला असू शकतो. साधारण सहा तासांच्या आत शस्त्रक्रिया झाली तर वृषण वाचण्याची शक्यता चांगली असते, पुढे ती झपाट्याने कमी होते. मुलगा लाजेपोटी पोटात दुखते म्हणतो, घरचे ओव्याचे पाणी देतात, रात्र जाते. वरवट बकालहून सर्जन गाठायचा तर शेगाव, खामगाव किंवा अकोल्यापर्यंत जावे लागू शकते, तेव्हा प्रवासाचा वेळही त्या सहा तासांतच धरा. मुलाला आधीच सांगून ठेवा: तिथे दुखले तर रात्री दोन वाजता पण उठव.

डॉक्टरांना कधी दाखवायचे?

मुलीला आठच्या आधी किंवा मुलाला नऊच्या आधी बदल सुरू झाले तर दाखवा. तेरा पूर्ण होऊनही मुलीच्या छातीची वाढ सुरू नसेल, पंधरापर्यंत पाळी आली नसेल, किंवा चौदा पूर्ण होऊनही मुलाच्या वृषणांची वाढ नसेल तरी दाखवा. पाळी सुरू झाल्यावर पहिली दोन-तीन वर्षे ती मागेपुढे होते, २१ ते ४५ दिवसांचे अंतर या वयात चालते. पण रक्तस्राव सात दिवसांपेक्षा जास्त चालला, तासा-दोन तासाला पॅड पूर्ण भिजत असेल, किंवा दर महिन्याला दुखण्यामुळे शाळा बुडत असेल तर "बाईमाणसाचे असेच असते" म्हणून सोडू नका.

पॅड असो की कापड, चार ते सहा तासांनी बदलावे. कापड साबणाने धुऊन उन्हात वाळवावे. कोपऱ्यात, दुसऱ्या कपड्याखाली लपवून वाळवलेले ओलसर कापड खाज आणि जंतुसंसर्गाला आमंत्रण देते. पाळीत आंघोळ, खेळणे, शाळा, स्वयंपाक, सगळे चालते. बाजूला बसवायचे की नाही हा तुमच्या घरचा प्रश्न आहे असे मी पूर्वी म्हणायचो. आता म्हणत नाही. थंडीत ओसरीवर झोपलेली मुलगी आजारी पडते आणि तिला स्वतःच्या शरीराची लाज वाटायला लागते, हे दोन्ही पाहिले आहे.

शाळेत आठवड्याला मिळणारी लोहाची निळी गोळी मुलीने आणि मुलाने दोघांनीही घ्यायची असते, जेवणानंतर. शौचाला काळे झाले तर घाबरू नका, ते गोळीमुळे होते.

कुणाला विचारायचे?

सरकारी रुग्णालयांत किशोरवयीनांसाठी वेगळे केंद्र चालवले जाते, महाराष्ट्रात त्याला 'मैत्री क्लिनिक' म्हणतात. जवळच्या ग्रामीण किंवा उपजिल्हा रुग्णालयात या नावाने विचारा. समुपदेशक असतात, मुलगा किंवा मुलगी एकट्याने बोलू शकते, पैसे लागत नाहीत. गावात आशाताईंना विचारले तरी त्या वाट दाखवतात. मन फार अस्वस्थ असेल तर टेलिमानसचा १४४१६ हा मोफत क्रमांक आहे. मुलाशी किंवा मुलीशी कुणी नको ते वागले असेल तर चाइल्डलाइन १०९८. अठराच्या आतील मुलाबाबत असा प्रकार कळला तर २०१२ च्या पॉक्सो कायद्याप्रमाणे पोलिसांना कळवणे डॉक्टरांवरही बंधनकारक आहे, तेव्हा "फक्त तुमच्यापुरते ठेवा" असे वचन आम्ही देऊ शकत नाही, हे आधीच माहीत असू द्या. उपचार मात्र त्याच क्षणी आणि मोफत मिळतात.

घरी सुरुवात कशी करायची हे पुष्कळजण विचारतात. मोठे व्याख्यान लागत नाही. पॅडचे पाकीट कपाटात कुठे ठेवले आहे ते मुलीला पाळी येण्याआधीच दाखवा आणि ते कशाला असते ते दोन वाक्यांत सांगा. मुलाला वडिलांनी, वडील नसतील तर मामाने किंवा काकाने, शेतावर जाता-येता सांगावे की झोपेत असे होते, मलाही व्हायचे. बाकीचे प्रश्न मुले स्वतःच विचारतात, बहुतेक वेळा भलत्याच वेळी, जेवताना किंवा गाडीवर मागे बसून. उत्तर येत नसेल तर "विचारून सांगतो" म्हणा, आणि मैत्री क्लिनिकमध्ये किंवा तुमच्या डॉक्टरांना खरोखर विचारून दुसऱ्या दिवशी सांगा.